गणपतीचा व्हिडिओ: माझं भाषण कुठं गेलं?

चेअरमनकाका: व्हिडिओ बघितला. छान. पण माझं भाषण कुठं गेलं? ११ मिनिटं बोललो होतो.

वहिनी, बी-३०२: आमच्या चिरंजीवांनी उडवलं, काका. रात्री दोनपर्यंत मोबाईलवर हेच चालू. बारावीचं वर्ष आहे हो, तुम्हीच समजवा.

अण्णा, ए-१०४: वैनी, रागवू नका. 'केजीएफ २' कुणी एडिट केला माहितेय का? उज्ज्वल कुलकर्णी. तेव्हा १९ वर्षांचं पोरगं. यूट्यूबसाठी फॅन व्हिडिओ करायचा. डायरेक्टर प्रशांत नीलनं अख्खा पिच्चर त्याच्या हातात दिला.

आजोबा, डी-२०१: कुलकर्णी? म्हणजे आपलाच की!

अण्णा, ए-१०४: झालं सुरू 😄 आजोबा, विजापूर-धारवाडकडं कुलकर्णी ढिगानं आहेत. घरात कानडीच बोलतात, आमच्यासारखं.

ताई, सी-४०३: 'केजीएफ २'मध्ये सारखा पडदा काळा व्हायचा. आधी मला वाटलं लाईट गेली.

अण्णा, ए-१०४: स्टाईल आहे ती त्याची. दोन शॉटच्या मध्ये काळं, तेवढ्यात डायलॉग, की पुढचा शॉट. २०२३ च्या 'सालार'लाही तोच होता, तिथं मात्र मला जरा अतीच झालं.

ताई, सी-४०३: मला बाई जुने एडिटर सुरेश अर्स आवडतात. तेही कन्नडचेच. मणिरत्नमच्या 'बॉम्बे'च्या एडिटिंगला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला त्यांना. तेव्हा खरोखरची फिल्मची पट्टी कापायचे. आमचे बाबा टॉकीजमध्ये ऑपरेटर होते, रीळ तुटलं की ब्लेडनं टोकं सरळ करून चिकटवायचे. दर वेळी एकदोन फ्रेम जायच्याच. त्या तुकड्यांचा बिस्किटाचा डबा होता घरी, आम्ही उन्हात धरून हिरॉइन शोधायचो.

वहिनी, बी-३०२: सगळं खरं, पण लाखात एखाद्याला असं मिळतं. बाकीच्यांना लग्नाच्या कॅसेटी.

अण्णा, ए-१०४: लग्नाचेपण पैसे बरे मिळतात हो आता.

सेक्रेटरी: उद्या टँकर सकाळी ७ ला येईल. गाड्या काढून ठेवा.

चेअरमनकाका: विषय भाषणाचा चालला होता.

वहिनी, बी-३०२: (मी मुलगा बोलतोय, आईच्या फोनवरून) काका, ११ मिनिटांतली ४ मिनिटं नुसतं 'हॅलो हॅलो, माइक चेक' आहे. आणि आभाराची यादी तुम्ही दोनदा वाचली.

चेअरमनकाका: बरं. हॅलो काढ. यादी एकदाच ठेव. पण टाकीच्या कामाचं बोललोय ते कापायचं नाही.