उशिरा सांगितलं म्हणून खोटं?

स्पेनमध्ये यादवी युद्धात हरलेल्या बाजूच्या कैदी बायकांची मुलं त्यांच्यापासून तोडली गेली, असं ती मुलं आता म्हातारपणी सांगतात. सत्तरीत सांगितलेली सहाव्या वर्षीची आठवण पुरावा कशी मानायची, हा त्यावर विचारला जाणारा प्रश्न रास्तच आहे. पण स्पेनच्या बाबतीत सरकारी कागदच त्या आठवणींना दुजोरा देतात. यादवी युद्ध 1939 मध्ये हुकूमशहा फ्रँकोच्या विजयाने संपलं. 30 मार्च 1940 च्या आदेशानुसार कैदी आईजवळ तुरुंगात मूल तीन वर्षांचं होईपर्यंतच राहू शकत होतं. पुढे अनेकांची रवानगी सरकारी किंवा चर्चच्या अनाथालयांत झाली. डिसेंबर 1941 च्या कायद्याने तर परदेशातून परत आणलेल्या, आईवडिलांचा पत्ता न लागलेल्या मुलांची नव्या नावाने नोंद करायची मुभा दिली. आडनावच बदललं तर आईने शोधायचं तरी कसं?

त्या अनाथालयांत वाढलेले लोक सांगतात, हात उंचावून फालांजचं, म्हणजे फ्रँकोच्या बाजूच्या फॅसिस्ट पक्षाचं, गाणं म्हणावं लागायचं. ज्यांनी बापाला गोळ्या घातल्या त्यांच्याच बाजूचं गाणं, तेही पोटात भूक असताना! असं कुणी उगाच रचून सांगेल, हे मला पटत नाही.

आणि उशिराचं म्हणाल, तर 1975 पर्यंत फ्रँकोच सत्तेवर होता. 1977 च्या माफी कायद्याने त्या काळातल्या गुन्ह्यांवरच्या खटल्यांची वाटही अडवली. तारखा मागेपुढे होत असतील, मान्य. त्या पडताळायला तुरुंगाच्या आणि जन्माच्या नोंदी शेजारी ठेवून वाचाव्यात.