खाडिलकर भगिनींना विसरू नका

कुणीतरी म्हटलंय की मराठी मुलींचं बुद्धिबळ दिव्या देशमुखपासून सुरू झालं. दिव्याचं कौतुक मलाही मनापासून आहे. जुलै २०२५मध्ये जॉर्जियातल्या बातुमीला महिला विश्वचषकाच्या अंतिम फेरीत कोनेरू हंपीने टायब्रेकमधला (बरोबरी फोडण्यासाठीच्या जलद डावांमधला) दुसरा डाव सोडला आणि आईला मिठी मारून ही नागपूरची पोर रडली, तेव्हा माझेही डोळे भरून आले. ग्रँडमास्टर किताबासाठी एरवी लागणारा एकही नॉर्म (ठरावीक दर्जाची स्पर्धेतली कामगिरी) आधी नसताना विश्वचषक जिंकून थेट ग्रँडमास्टर!

पण खाडिलकर भगिनींना वगळून हा इतिहास सांगताच येत नाही. १९७४ साली महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली, ती वासंती खाडिलकरने जिंकली. पुढची कित्येक वर्षं ते विजेतेपद वासंती, जयश्री आणि रोहिणी या तिघींच्या घराबाहेर गेलंच नाही. एकट्या रोहिणीने ते पाच वेळा मिळवलं, १९८१ साली आशियाई विजेतेपदही.

मला सगळ्यात मोठी वाटते ती १९७६ची गोष्ट. तेरा वर्षांची रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसली. केवढा गदारोळ झाला! प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं. शेवटी जागतिक बुद्धिबळ महासंघाचे अध्यक्ष मॅक्स यूव्ह यांनी निर्वाळा दिला, की स्त्रियांना अशा स्पर्धांपासून रोखता येणार नाही.