जॉनी वॉकर यांच्याविषयी थोडी भर

हिंदी चित्रपटांतले नट जॉनी वॉकर मूळचे मुंबईचे आणि पडद्यावरचा दारुडा त्यांना स्वानुभवातून साधला, असे म्हटले जाते. या दोन्ही विधानांवर एका इंदूरकराची नम्र हरकत नोंदवतो. बद्रुद्दीन जमालुद्दीन काझी, हे त्यांचे खरे नाव, जन्माने इंदूरचे. वडिलांचे गिरणीतले काम सुटल्यावर कुटुंब मुंबईस गेले आणि बद्रुद्दीन बेस्टच्या बसमध्ये कंडक्टर झाले. प्रवाशांना हसवत तिकिटे देणारा हा तरुण 'बाजी'ची पटकथा लिहिणाऱ्या बलराज साहनी यांच्या नजरेस पडला, आणि त्यांच्या सांगण्यावरून दिग्दर्शक गुरुदत्त यांच्यासमोर त्याने दारुड्याची अशी हुबेहूब बतावणी केली की १९५१ च्या त्या चित्रपटात भूमिका तर मिळालीच, शिवाय व्हिस्कीच्या नावावरून पडद्यावरचे नावही मिळाले. स्वतः मात्र ते मद्याला शिवत नसत.

त्यांना केवळ 'विनोदी नट' म्हणणे मला अपुरे वाटते. 'मधुमती'साठी त्यांना सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला, हे आहेच. पण 'प्यासा'मधला (१९५७) मालिशवाला सत्तार अधिक लक्षात राहतो, कारण सख्खे भाऊ आणि मित्र नायकाकडे पाठ फिरवतात तेव्हा त्याला वेड्यांच्या इस्पितळातून सुटायला मदत करतो तो हाच फाटका माणूस. 'आनंद'मधील (१९७१) ईसाभाईही त्याच जातकुळीचा.