मदत हवी आहे: मनाई आदेश असूनही उसाची वाट अडवली आहे

धागाकर्ता (करवीर तालुका):
न्यायालयाचा आदेश आमच्या बाजूने असताना शेजाऱ्यांनी वहिवाटीच्या वाटेत आडवा चर खोदून ट्रॅक्टर बंद केला आहे. कारखान्याची तोड कोणत्याही दिवशी येईल आणि वाट नसेल तर टोळी पुढच्या फडात निघून जाईल. पोलिसांनी दिवाणी वाद म्हणून परत पाठवले. अवमान याचिका कोठे दाखल करावी, तेवढे कृपया लवकर सांगावे.

रंकाळाकाठ:
आदेश कोणाचा, हे आपण लिहिलेलेच नाही. मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली तहसीलदारांनी दिलेला असेल तर अंमलबजावणी त्यांच्याकडेच मागावी लागते. दिवाणी न्यायालयाचा असेल, तर तात्पुरती मनाई की अंतिम हुकूमनामा (दाव्याचा निकाल)?

बावडेकर:
एवढी चौकशी कशासाठी? ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) कोल्हापुरातच आहे, याचिका तेथेच करावी; त्या बेंचसाठी सहा जिल्ह्यांनी अनेक वर्षे लढा दिला आहे. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ मध्ये सहा महिन्यांपर्यंत साधी कैद आणि दोन हजार रुपयांपर्यंत दंड आहे. आमच्या भावकीच्या वादात नोटीस निघताच समोरचे नरमले.

धागाकर्ता:
आदेश येथील दिवाणी न्यायालयाचा, तात्पुरत्या मनाईचा आहे. दावा चालू आहे. आदेश गेल्या दिवाळीआधीचा, चर मात्र याच महिन्यातला.

शेतीवाडी:
प्रथम भूमी अभिलेख कार्यालयातून मोजणी करून हद्द कायम करून घ्यावी.

धागाकर्ता:
हद्दीबद्दल वादच नाही, वाद वाटेचा आहे.

बावडेकर:
मग त्वरा करावी. अवमान अधिनियमाच्या कलम २० प्रमाणे याचिकेची मुदत एक वर्षाची आहे आणि आदेशाला वर्ष होऊन गेले.

रंकाळाकाठ:
ती मुदत आदेशापासून नव्हे, अवमान घडल्यापासून मोजतात. कृपया यांना घाबरवू नये. ज्या न्यायालयाने मनाई दिली, त्याच न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २अ खाली अर्ज करता येत असताना उच्च न्यायालय बहुधा तोच मार्ग धरायला सांगते. त्या नियमात मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहे. परंतु आपल्याला आज हवी आहे ती शेजाऱ्याची कैद नव्हे, तर ट्रॅक्टरची वाट. म्हणून त्याच संहितेच्या कलम १५१ (न्यायालयाचे अंगभूत अधिकार) खाली चर बुजवण्याचा आणि पोलीस मदतीचा वेगळा अर्ज करून, तोड जवळ आल्याचे शपथपत्रावर मांडून, तो तातडीने सुनावणीस घेण्याची विनंती करावी. सोबत आदेशाची सही-शिक्क्याची नक्कल, चराची तारखेसह छायाचित्रे आणि आदेश शेजाऱ्यांना माहीत होता याचा पुरावा जोडावा, कारण जाणूनबुजून केलेली अवज्ञा सिद्ध करण्याचा भार आपल्यावर आहे. समोरच्यांनी अपील केले आहे का?

धागाकर्ता:
होय, जिल्हा न्यायालयात अपील केले आहे, म्हणूनच आदेश लागू नाही असे ते गावभर सांगतात. स्थगिती मिळालेली नाही.

रंकाळाकाठ:
हे पहिल्याच संदेशात यायला हवे होते. नुसते अपील दाखल केल्याने आदेश स्थगित होत नाही. अपिलातील आजवरच्या रोजनाम्याची (प्रत्येक तारखेच्या कामकाजाच्या नोंदीची) नक्कल घेऊन तीही अर्जाला जोडावी आणि उद्याच वकिलांना भेटावे.