किआरोस्तामींच्या फाटक्या वहीत संवाद आहे कुठे?

रिकामी खुर्ची: इराणी दिग्दर्शक अब्बास किआरोस्तामींचा १९७५चा ‘दो राहे हल बराये येक मसअले’ (एका प्रश्नाची दोन उत्तरं) हा पाचेक मिनिटांचा लघुपट संवादाचा धडा म्हणून दाखवतात. मला पटत नाही. दारा हा शाळकरी मुलगा दोस्त नादेरची वही फाटलेल्या अवस्थेत परत करतो. पहिल्या उत्तरात नादेर फिट्टंफाट करायला निघतो आणि प्रकरण मारामारीवर जातं. दुसऱ्यात डिंक लावून वही सांधतात, दोस्ती शाबूत. पण बोललं कोण? फक्त निवेदक! निर्मिती ‘कानून’ची, म्हणजे मुलांच्या बौद्धिक विकासासाठी १९६५मध्ये स्थापन झालेल्या संस्थेची. बरोबर उत्तर आधीच ठरलेलं.

तिरपा कॅमेरा: वर्गातली पोरं भांडताना भाषणं करत नाहीत. इथे वही, पेन्सिल, शर्ट यांच्यावरच बोलणं चालतं. एकाने काही मोडलं की दुसरा तितकंच, वर थोडं जास्त मोडतो. नुकसान फळ्यावर मांडलंय, दोघांच्या नावाने. रडका चेहरा दाखवून कोणा एकाची बाजू घेणं सोपं होतं, ते टाळलंय. निवेदक रेशनची यादी वाचावी तसा बोलतो. म्हणून तर हसू येतं.

रिकामी खुर्ची: फळा झकास आहे, वादच नाही. पण डिंकाने कागद जुळतो. नादेरच्या रागाचं काय? तो दुसऱ्या उत्तरात गायबच!

मधली सुट्टी: दाखवण्याची पद्धत चुकते, हेही बघा. दोन्ही उत्तरं सलग लावली की मुलं शिक्षकांना हवं तेच बोलतात. फळ्यावरचा हिशेब संपला की थांबवा. ‘कोण चुकलं?’ विचारलंत की वर्गाचे दोन तट पडतात. ‘कुठे थांबता आलं असतं?’ विचारा. मग दुसरा भाग. शेवटी आवाज बंद करून पुन्हा पहिल्यापासून. उपशीर्षकं वाचण्यात हातांच्या हालचाली निसटतात, त्या आता दिसतात.

तिरपा कॅमेरा: जोडीला किआरोस्तामींचाच १९७०चा लघुपट ‘नान व कूचे’ (पाव आणि गल्ली) लावा. पाव घेऊन निघालेला मुलगा, गल्लीत कुत्रा, संवाद नाहीत. मुलगा पावाचा तुकडा टाकतो, कुत्रा सोबत चालू लागतो.

रिकामी खुर्ची: आणि शेवटी दुसरा मुलगा भांडं घेऊन आला की तोच कुत्रा त्याच्यावर गुरगुरतो. एकाशी जमलं म्हणजे सगळ्यांशी जमलं असं नाही. मला वहीच्या गोष्टीत नेमकं हेच हवं होतं. दाराने उद्या दुसऱ्या कुणाची वही फाडली तर?