रॅटलस्नेक: खुळखुळ्या की घुंगरूवाला?

अनघा: मुलांच्या अंकासाठी अमेरिका-मेक्सिकोतल्या सोनोरा वाळवंटातल्या साईडवाइंडरवर लिहितेय. हा आडवा चालणारा रॅटलस्नेक, म्हणजे शेपटी वाजवणारा साप. मी ‘खुळखुळ्या साप’ लिहिलं, संपादकबाईंना ‘घुंगरूवाला’ हवाय. काय घेऊ?

माधव: दोन्ही फसवे. खुळखुळ्यात खडे असतात, घुंगरात गोळी. या शेपटीत आत काहीच नसतं. नखं ज्या केराटिनची, त्याच्याच पोकळ कड्या एकमेकींत सैल अडकलेल्या असतात. शेपूट थरथरली की त्या आपटतात. दर कातीला बुडाशी एक नवी कडी येते. आपल्याकडे ‘कात टाकली’ म्हणजे जुनं सोडून मोकळा झाला. हा गडी मात्र दर खेपेला थोडं जुनं शेपटीला ठेवून घेतो!

अनघा: म्हणजे कड्या मोजल्या की वय?

माधव: छे. वर्षात एकाहून जास्त वेळा कात पडते, आणि टोकाच्या कड्या तुटतात.

टक्सनकर: मी इथे टक्सनला, सोनोरा वाळवंटातच राहते, म्हणून आवाजाचं सांगते. सेकंदाला 50 हून जास्त वेळा शेपूट हलते, त्यामुळे ‘खुळखुळ’ ऐकूच येत नाही. सलग किर्रर्र येतं. मी पहिल्यांदा रातकिडा समजून खुशाल पुढे निघाले होते, नवऱ्याने दंड धरून मागे ओढलं.

अनघा: बाप रे. बरं, ‘पिल्लं अंड्यातून बाहेर येतात’ असं वाक्य आहे…

माधव: खोडा ते. आपल्या घोणस-फुरशासारखी मादी थेट पिल्लंच घालते. ‘जरायुज’ वगैरे नको, ‘पिल्लं घालते’ पुरे. जन्मतः शेपटीला नुसती गुंडी, ती मुकी. पहिली कात पडेपर्यंत पिल्लं बिळात आईजवळ असतात. पुढे शेपटीचं टोक अळीसारखं वळवळवून पाली-सरडे जवळ बोलावतात.

देवगडचा: त्या आडव्या चालीला काय लिहिलंत? फुरसंही वाळूत तसंच जातं. अंगाचा थोडाच भाग टेकवत तिरकं पुढे; मागे सुट्या तिरप्या रेघा उरतात. ‘सरपटणं’ म्हटलं तर एकच नागमोडी रेघ डोळ्यासमोर येते. आणि फुरशाला कड्या नाहीत, ते अंगाचे खवले घासून खरखरतं.

अनघा: ‘आडवं सरकतो’ चालेल?

देवगडचा: चालेल.

अनघा: मग नाव ‘खुळखुळ्या’च ठेवते, आवाज ‘किर्रर्र’. बाईंना घुंगरातली गोळी दाखवते.

टक्सनकर: चित्रही तपासा हं. आमच्या मराठी शाळेत एकाने त्याला फणा काढला होता.