कासावलीच्या तीन राजांचं फेस्त शूट करायचंय, कॅमेरे कुठे लावू?

डिचोलीकर: ६ जानेवारीला गोव्यातल्या कासावलीच्या तीन राजांच्या फेस्तावर, म्हणजे बाळ येशूला भेटायला आलेल्या तीन राजांच्या ख्रिस्ती सणावर, छोटी डॉक्युमेंटरी करायचीय. कासावली, आरोशी नि कुएली अशा तीन गावांतले तीन पोरगे राजे होतात, मुकुट, झगा, खाली घोडा, आणि आपापल्या वाटेने डोंगरावरच्या कपेलाकडे (छोट्या चर्चकडे) जातात. मी हिंदू घरातला, दशावतार बघत वाढलो, त्यामुळे गावातलाच पोरगा एका दिवसासाठी राजा होतो हे बघून अंगावर काटा येतो. दोन कॅमेरे आहेत नि ड्रोन. तीन वाटा एकाच वेळी कशा पकडू?

वास्कोवाला: पकडूच नको. एक राजा धर. सकाळी त्याच्या घरी जा, आई झग्याला टाचण्या लावते, मुकुट डोक्यावर घसरतो म्हणून आत कापूस कोंबतात, ते सगळं घे नि मग शेवटपर्यंत त्याच्याच सोबत राहा. बाकीचे दोघे वर डोंगरावर दिसतील तेव्हा बघणाऱ्यालाही त्याच्याइतकीच उत्सुकता वाटेल. दुसरा कॅमेरा वर तिघं भेटतात तिथे ट्रायपॉडवर आधीच लावून ठेव. ड्रोनचं आधी बघ हां, दाबोळी विमानतळ नि नौदलाचा तळ जवळ आहे, ड्रोनसाठीच्या सरकारी 'डिजिटल स्काय' साइटच्या नकाशावर तुझी जागा कुठल्या झोनमध्ये येते ते तपासल्याशिवाय बॅगेतून काढूच नको.

मारिया_आरोशी: वरच्याशी सहमत. फक्त आधी पाद्र विगाराला (चर्चच्या मुख्य धर्मगुरूंना) भेट आणि तिन्ही मुलांच्या आईवडिलांची परवानगी लेखी घे, लहान मुलं आहेत ती. आणि प्लीज, "परत एकदा घोड्यावरून ये" असं कोणाला सांगू नकोस, आमच्यासाठी ती प्रार्थना आहे. बँड नि फटाक्यांनी घोडा बिचकतो, त्याच्या अगदी समोर उभं राहू नको. मिसेला (चर्चमधल्या सामूहिक प्रार्थनेला) कॅमेरा मागेच ठेव.

पणजी_साउंड: मुलाच्या झग्यात कॉलर माइक लावलास तर नुसती कापडाची घासघास येईल. बँडसाठी वेगळा रेकॉर्डर ठेव, वर वारा असतो, माइकला फरचं कव्हर हवंच. चांदर नि रेइश मागुशलाही ६ तारखेलाच फेस्त असतं, तिकडे पळू नको.

डिचोलीकर: देव बरे करूं सगळ्यांना. ड्रोन घरीच ठेवतो. मारियाबाय, आरोशीच्या राजाच्या घरच्यांना विचारून बघाल का, आदल्या संध्याकाळी आलो तर चालेल का म्हणून?

मारिया_आरोशी: विचारते. कॅमेरा न घेता ये पहिल्यांदा.